एका सीनमागची माणसे : चित्रपटाच्या युनिटमध्ये पहिल्यांदा काम करणाऱ्यांसाठी

सीन २७. आत. रात्र. गिरगावातल्या चाळीतली खोली. बाहेर मुसळधार पाऊस. मुलगा भिजून घरात येतो. आई स्टोव्हवर चहा ठेवते. कोपऱ्यात आठ वर्षांची पुतणी गृहपाठ करत बसली आहे, वडील दाराशी बिडी ओढत आहेत, खिडकीत मांजर आहे. चहाचा कप हातात घेऊन मुलगा सांगतो, की आपण नोकरी सोडली.

हा सीन मी या लेखापुरता रचला आहे. कागदावर तो चार-पाच ओळींचा आहे आणि पडद्यावर फार तर दोन मिनिटे चालेल. पडद्यामागे काम करायचे म्हणून मुंबईत आलेल्या, किंवा मुंबईतच वाढलेल्या पण सेटवर कधी पाय न ठेवलेल्या मुलामुलींना मी असाच एखादा सीन वाचायला देतो आणि विचारतो, की यात किती जणांचे काम आहे. बहुतेक जण दिग्दर्शक, कॅमेरामन आणि नट एवढ्यांवर थांबतात. प्रत्यक्षात हा सीन पडद्यावर यायला साठ-सत्तर माणसे लागतात आणि त्यांतली निम्मी एकमेकांना कधी भेटतही नाहीत. सहायक दिग्दर्शक म्हणून इतकी वर्षे काम केल्यावर माझे एक मत पक्के झाले आहे : सेटवरच्या चुकांचा माग काढत गेले, की शेवटी बहुतेक वेळा एक न पोचलेला निरोप सापडतो. नवख्या माणसाकडे सुरुवातीला निरोप पोचवण्याचेच काम येते, म्हणून त्याला ते हलके वाटते. पण सगळे युनिट त्याच कामावर उभे असते. ते कसे करावे, हे सीन २७ च्या मागे मागे जात सांगतो.

काम मिळवताना

अंधेरी, वर्सोवा आणि गोरेगाव या पट्ट्यात निर्मात्यांची आणि कास्टिंगची बरीचशी कार्यालये आहेत. वर्सोव्याच्या आरामनगरमध्ये ऑडिशनसाठी रांगेत उभी असलेली मुले-मुली रोज दिसतात. पडद्यामागचे काम मात्र रांगेत उभे राहून क्वचित मिळते. ते ओळखीतून, एखाद्या लघुपटावर किंवा जाहिरातीवर नेटाने केलेल्या दोन दिवसांच्या कामातून मिळते. कुणी ऑडिशनसाठी, ओळखपत्रासाठी किंवा काम देण्यासाठी पैसे मागितले, तर तिथून उठून यावे. तुमचे मानधन, कामाचे दिवस, प्रवासखर्च आणि श्रेयनामावलीतले स्थान हे चारही मुद्दे कामाला लागण्यापूर्वी लेखी घ्यावेत. साधा ईमेलही चालतो, फक्त समोरून होकार आलेला असावा. मुंबईत कॅमेरा, संकलन, वेशभूषा, प्रकाशयोजना अशा प्रत्येक कामाची वेगळी संघटना आहे आणि त्यांची मिळून फेडरेशन ऑफ वेस्टर्न इंडिया सिने एम्प्लॉइज ही शिखर संस्था आहे. आपल्या कामाची संघटना कोणती, तिचे सभासदत्व कसे मिळते आणि तिचे नियम काय आहेत, याची चौकशी पहिल्या वर्षातच करावी. लेखनाकडे वळणाऱ्यांनी आपली पटकथा कुणाच्या हाती देण्यापूर्वी स्क्रीनरायटर्स असोसिएशनकडे नोंदवावी.

कामाच्या ठिकाणी होणाऱ्या लैंगिक छळाविरुद्धचा २०१३ चा कायदा सेटलाही लागू होतो. अंतर्गत समितीवर कोण आहे आणि तिच्याशी संपर्क कसा साधायचा, हे पहिल्याच दिवशी प्रॉडक्शनकडे विचारण्यात संकोच बाळगू नये. व्यवस्थित चालणारे प्रॉडक्शन ही माहिती स्वतःहून देते.

पहिली पायरी : सीन फोडणे

पटकथा हातात आली, की पहिल्यांदा ती गोष्ट म्हणून वाचावी आणि दुसऱ्या वाचनाला पेन्सिल घेऊन बसावे. या दुसऱ्या वाचनाला ब्रेकडाउन म्हणतात. सीनमधली माणसे, कपडे, हाताळायच्या वस्तू, प्राणी, वाहने, पाऊस, धूर, आग, आवाज आणि वेळ असे सगळे वेगवेगळ्या रकान्यांत उतरवायचे असते. हे काम कारकुनी दिसते खरे, पण लेखकाने सहज लिहिलेल्या एकेका शब्दामागे किती माणसे आणि किती कागद आहेत, ते इथेच समजते.

सीन २७ मधली बिडी घ्या. २०१२ पासून लागू असलेल्या नियमांनुसार, चित्रपटात तंबाखूचे सेवन दिसत असेल तर चित्रपटाच्या सुरुवातीला आणि मध्यात किमान ३० सेकंदांचा आरोग्यसंदेश आणि किमान २० सेकंदांचे दृक्श्राव्य निवेदन दाखवावे लागते, शिवाय प्रत्यक्ष दृश्यात बिडी दिसत असेपर्यंत पडद्याच्या तळाशी इशारा ठेवावा लागतो. वडिलांच्या हातातली ती बिडी गोष्टीसाठी खरोखर आवश्यक आहे का, हा प्रश्न दिग्दर्शकाला आणि लेखकाला याच टप्प्यावर विचारायला हवा. आवश्यक असेल तर ती जरूर ठेवावी; पण हा प्रश्न चित्रीकरण संपल्यावर पहिल्यांदा निघाला, तर त्याला उत्तर उरलेले नसते.

मग मांजर. चित्रपटात प्राणी वापरायचा असेल तर २००१ च्या नियमांनुसार भारतीय जीवजंतू कल्याण मंडळाची पूर्वपरवानगी लागते आणि तिच्यासाठी पशुवैद्यकाने दिलेला तंदुरुस्तीचा दाखला जोडावा लागतो. चाळीतलीच मांजर आहे, आपोआप फ्रेममध्ये येऊन बसेल, असे म्हणून भागत नाही. तिचा कागद नसेल तर सेन्सॉरच्या प्रमाणपत्राच्या वेळी सीन अडकतो.

आठ वर्षांच्या पुतणीचा रकाना सर्वांत काळजीने भरावा. बालकामगारविषयक कायदा २०१६ मध्ये सुधारला गेला आणि त्यानंतर २०१७ मध्ये आलेल्या नियमांनुसार चित्रपटात काम करणाऱ्या मुलाकडून दिवसाला ५ तासांपेक्षा जास्त आणि विश्रांतीशिवाय ३ तासांपेक्षा जास्त काम करून घेता येत नाही. जिल्हा दंडाधिकाऱ्यांची परवानगी घ्यावी लागते, सलग २७ दिवसांपेक्षा जास्त काम देता येत नाही, मिळालेल्या रकमेपैकी किमान २० टक्के रक्कम मुलाच्या नावाने राष्ट्रीयीकृत बँकेत मुदत ठेवीत टाकावी लागते, आणि जास्तीत जास्त पाच मुलांमागे एक जबाबदार व्यक्ती नेमावी लागते. कायदा बाजूला ठेवला तरी आठ वर्षांच्या मुलीला भूक लागते, झोप येते, कंटाळा येतो. तिचे शॉट आधी घ्यायचे, हा निर्णय ब्रेकडाउनच्या कागदावरच लिहून टाकावा.

सीनची लांबी काढताना एक पान म्हणजे एक मिनिट हा हिशेब सर्रास वापरला जातो. तो इंग्रजी पटकथेच्या ठरावीक मांडणीवर बसवलेला आहे. देवनागरीत, वेगवेगळ्या फाँटमध्ये आणि लेखकाच्या सवयीच्या मांडणीत लिहिलेल्या मराठी पटकथेला तो नीट लागू पडत नाही. म्हणून सीन मोठ्याने वाचावा, हालचालींना लागणारा वेळ मनात मोजावा आणि घड्याळ लावून लांबी लिहावी. मी आजही तसेच करतो.

दुसरी पायरी : एका शर्टासाठी चार माणसे

ब्रेकडाउन झाला, की विभागप्रमुखांची बैठक होते. दिग्दर्शक, छायालेखक, कला दिग्दर्शक, वेशभूषाकार, रंगभूषाकार, ध्वनिमुद्रक आणि कार्यकारी निर्माता एका टेबलाभोवती बसून सीनमागून सीन वाचत जातात. नवखा सहायक कोपऱ्यात वही घेऊन बसलेला असतो आणि त्याने तोंड न उघडता सगळे ऐकावे अशी अपेक्षा असते. या बैठकीत जे कानावर पडते, ते एरवी कुठेही शिकायला मिळणार नाही.

मुलाच्या शर्टाचे पाहा. वेशभूषाकाराच्या मनात पांढरा शर्ट आहे, कारण मुलगा कार्यालयातून परतला आहे. पांढरा शर्ट भिजला की अंगाला चिकटतो आणि त्यातून आतले दिसते, म्हणजे छातीवर लावलेला लॅपल माइक आणि त्याची वायरही दिसणार, असे ध्वनिमुद्रक सांगतो. शिवाय ओल्या कापडाखाली माइक खरखरतो आणि पाणी आत गेले तर बंदच पडतो. छायालेखकाला गडद रंग बरा वाटतो, कारण ओल्या गडद कापडावर मागून येणारा प्रकाश चमकतो. मग कला दिग्दर्शक विचारतो, की खोलीच्या भिंतीला फिकट निळा रंग ठरला आहे, त्यावर गडद निळा शर्ट हरवून तर जाणार नाही ना? शेवटी राखाडी शर्ट ठरतो, आत बनियन घालायचे ठरते, आवाज लॅपलऐवजी वरून धरलेल्या बूम माइकने घ्यायचा असे ठरते, आणि बूम वर असणार म्हणून छताजवळचा भाग फ्रेमबाहेर ठेवायला छायालेखक तयार होतो. शर्टाच्या एका निर्णयाने माइक, भिंत आणि फ्रेम या तिन्हींची दिशा बदलली. हे सगळे वहीत लिहून त्याच संध्याकाळी चारही विभागांना पाठवणे हे तुमचे काम. 'राखाडी शर्ट, एकसारखे तीन नग, एक कोरडा राखून' असे नेमके लिहावे. भिजणारा शर्ट एकच असेल, तर दुसऱ्या टेकला तो वाळवत बसावे लागते.

खोलीचा निर्णयही असाच अनेकांच्या विचाराने होतो. चाळीतली खरी खोली दहा बाय बाराची असते. त्यात चार कलाकार, कॅमेरा, फोकस पुलर (कॅमेऱ्याचा फोकस सांभाळणारा), बूम धरणारा माणूस आणि दिवे मावत नाहीत, मागे सरकायला जागा नसल्यामुळे प्रत्येक शॉट जवळचाच घ्यावा लागतो. म्हणून चाळीची गॅलरी आणि जिना गिरगावात प्रत्यक्ष जागेवर, आणि खोलीचा आतला भाग गोरेगावच्या दादासाहेब फाळके चित्रनगरीत उभारलेल्या सेटवर, अशी विभागणी करतात. सेटची एखादी भिंत उचलून बाजूला काढता येते आणि कॅमेरा त्या भिंतीच्या जागी जाऊन बसतो. स्टोव्ह, पितळेचे डबे, पत्र्याची ट्रंक अशा जुन्या वस्तूंसाठी कला विभागातली माणसे अजूनही चोरबाजारात फेरी मारतात. वस्तू आणताना कप एक नव्हे, एकाच आकाराचे निदान चार आणावेत.

ज्या माणसाच्या नावाने ही चित्रनगरी उभी आहे, त्यांच्या पहिल्या चित्रपटाची आठवण इथे काढल्यावाचून राहवत नाही. 'राजा हरिश्चंद्र' ३ मे १९१३ रोजी गिरगावातल्या कॉरोनेशन सिनेमॅटोग्राफमध्ये प्रदर्शित झाला. दादासाहेबांचे नाव सर्वांना माहीत आहे. त्या चित्रपटाच्या युनिटचा स्वयंपाक करणाऱ्या, फिल्मला छिद्रे पाडणाऱ्या आणि रसायने मिसळणाऱ्या सरस्वतीबाई फाळके मात्र फार थोड्यांना ठाऊक आहेत. प्रॉडक्शन आणि प्रयोगशाळा असे दोन विभाग त्या बाई एकट्याने सांभाळत होत्या.

तिसरी पायरी : रेकी आणि परवानग्या

जागा पाहायला जाणे म्हणजे रेकी. रेकीला दिग्दर्शक आणि छायालेखक जागेचे रूप पाहतात. सहायकाने बाकीचे सगळे पाहायचे असते. जनरेटर व्हॅन कुठे उभी राहील आणि तिथून जागेपर्यंत केबल किती लांब टाकावी लागेल, व्हॅनचा आवाज माइकपर्यंत येईल का, कलाकारांनी कपडे कुठे बदलायचे, बायकांसाठी स्वच्छतागृह कुठे आहे, जेवण कुठे मांडायचे, चाळीतल्या माणसांची ये-जा कोणत्या जिन्याने चालू राहील. चाळ म्हणजे लोकांचे घर आहे, हे विसरू नये. कुणाची परीक्षा आहे, कुणाकडे आजारी माणूस आहे, हे आधी विचारून ठेवलेले असले, की ऐन चित्रीकरणात दारे आपटली जात नाहीत.

मुंबईत आवाजाची रेकी वेगळी करावी असे माझे आग्रहाचे सांगणे आहे. ज्या वेळी चित्रीकरण होणार, त्याच वेळी जागेवर जाऊन दहा मिनिटे डोळे मिटून उभे राहावे. कुर्ला-घाटकोपरच्या बाजूला उतरणारी विमाने वाक्य पुरे होऊ देत नाहीत. रेल्वेजवळच्या जागेत स्थानकावरची घोषणा खिडकीतून आत येते. होळीच्या सुमारास कोकिळा ओरडू लागतात. पावसाळी रात्रीच्या संवादामागे कोकिळा ऐकू आली, तर तो संवाद डबिंगला गेला असे समजावे. प्रकाशासाठी सूर्यास्ताची वेळ पाहावी. डिसेंबरच्या सुरुवातीला मुंबईत सहाच्या सुमारास सूर्य मावळतो, जूनअखेरीस सव्वासात वाजून जातात. म्हणजे दिवसाउजेडीच्या सीनसाठी उन्हाळ्यात आणि हिवाळ्यात हाताशी असलेला वेळ सारखा नसतो. चौपाटीवर काम असेल तर भरती-ओहोटीचे कोष्टक हवे, कारण भरतीची वेळ रोज साधारण पन्नास मिनिटांनी पुढे सरकते आणि काल जिथे ट्रॉलीचा ट्रॅक (कॅमेऱ्याच्या गाडीचे रूळ) टाकला होता, तिथे आज त्याच वेळी पाणी असू शकते.

परवानग्यांचे काम प्रॉडक्शनचे असले, तरी सहायकाला त्यांची यादी पाठ असावी. सार्वजनिक जागेसाठी महापालिका, स्थानिक पोलीस ठाणे आणि वाहतूक पोलीस, रेल्वेच्या हद्दीत संबंधित रेल्वेचे मुख्यालय, खासगी इमारतीत मालकाची किंवा सोसायटीची लेखी संमती, आणि ड्रोन उडवायचा असेल तर त्याची वेगळी परवानगी. राज्य शासनाच्या चित्रपट, रंगभूमी आणि सांस्कृतिक विकास महामंडळाने एक खिडकी योजना सुरू केल्यापासून बरेच अर्ज एका ठिकाणी करता येतात. सर्व परवानग्यांच्या छापील प्रती सेटवर ठेवाव्यात, कारण गस्तीवरचा हवालदार विचारायला येतो, तेव्हा तुमच्या फोनची बॅटरी संपलेली असते. गिरगावात काम असेल, तर गणेशोत्सवाच्या आणि गुढीपाडव्याच्या शोभायात्रेच्या तारखा टाळूनच परवानगी मागावी.

चौथी पायरी : शेड्यूल आणि कॉल शीट

चित्रपट गोष्टीच्या क्रमाने चित्रित होत नाही. एका जागेवरचे सगळे सीन एकत्र, एका कलाकाराच्या तारखा एकत्र, दिवसाचे काम एकत्र, असे करत शेड्यूल बांधतात. मुलगा छत्री घेऊन जिना चढतो, ते चौथ्या दिवशी गिरगावात, आणि दार ढकलून खोलीत येतो, ते एकोणिसाव्या दिवशी गोरेगावात. या दोन्हींच्या मधल्या पंधरा दिवसांत कुणाच्या काय लक्षात राहील, याचा भरवसा धरू नये. सीन २७ रात्रीचा असला तरी मुलगी लहान असल्यामुळे तो सेटवर दिवसा, खिडक्यांबाहेर काळा पडदा लावून घ्यायचा, हेही शेड्यूलमध्येच ठरते.

उद्या कुणी, किती वाजता, कुठे आणि काय घेऊन यायचे याचा कागद म्हणजे कॉल शीट. तो आदल्या संध्याकाळी गेला पाहिजे. त्यावर सर्वांना एकच वेळ लिहिणे ही नवख्यांची नेहमीची चूक. लाइटमन आणि सेटिंगच्या मंडळींना आधी बोलवावे लागते, रंगभूषेला दीड तास लागणारा कलाकार त्यानंतर, आणि मुलगी सगळी तयारी झाल्यावर, म्हणजे तिचे पाच तास वाट पाहण्यात जात नाहीत. रविवारी काम असेल तर मेगाब्लॉक कोणत्या मार्गावर आहे, ते कॉल शीटवर लिहावे. डोंबिवलीहून येणाऱ्या, कपडे सांभाळणाऱ्या ड्रेसदादाला त्यामुळे एक तास आधी निघता येते. पॅक-अप, म्हणजे दिवसाचे काम संपणे, उशिरा असेल, तर शेवटची लोकल चुकणाऱ्यांची आणि सर्व स्त्रियांची घरपोच गाडी आधी ठरलेली असावी. चित्रनगरी आरे कॉलनी आणि राष्ट्रीय उद्यानाला लागून आहे आणि त्या परिसरात बिबट्यांचा वावर आहे, म्हणून रात्री मुख्य रस्त्यापर्यंत कुणालाही एकटे चालत पाठवू नये.

पाचवी पायरी : सेटवर

सेटवर पोचल्यावर पहिली गोष्ट, नावे शिका. स्पॉटदादा, लाइटदादा, सेटिंगदादा ही कामाची नावे झाली. त्या प्रत्येकाला स्वतःचे नाव आहे. वीस-पंचवीस वर्षे दिवे लावणाऱ्या माणसाला प्रकाशाविषयी जे कळते, ते तो न विचारता सांगत नाही आणि आदराने विचारल्यावर हातचे राखत नाही. 'दादा, हा कटर इथे कशाला लावला?' असे मी पहिल्या वर्षी एकदा विचारले होते. त्या गृहस्थांनी कटर बाजूला केला, भिंतीवर पडलेला दिव्याचा भसका मला दाखवला, कटर पुन्हा लावला आणि म्हणाले, 'आता आईचा चेहरा बघा.' भिंत अंधारली होती आणि चेहरा पुढे आला होता. प्रकाश अडवणे हेही प्रकाशयोजनेचेच काम आहे, हे मला त्या मिनिटभरात समजले.

एका शॉटचा क्रम साधारण असा असतो. दिग्दर्शक कलाकारांना घेऊन हालचाली ठरवतो आणि जमिनीवर टेपच्या खुणा पडतात. मग कलाकार तयारीला जातात, छायालेखक दिवे लावून घेतो. त्यानंतर कॅमेऱ्यासह तालीम, शेवटची रंगभूषा आणि केसांची पाहणी, आणि टेक. 'साउंड', 'रोलिंग', 'कॅमेरा', 'रोलिंग' अशी हाक-प्रतिहाक होते, क्लॅप देणारा सीन, शॉट आणि टेकचा आकडा स्पष्ट बोलून क्लॅप वाजवतो, आणि मग 'ॲक्शन'. क्लॅप तुमच्या हाती आला, तर त्यावरचा आकडा प्रत्येक टेकनंतर लगेच बदलावा. शॉट आवाजाशिवाय घेत असाल तर क्लॅप न वाजवता, उघडाच ठेवून पट्टीमध्ये बोटे घालून धरावा. आणि सुरुवातीला क्लॅप राहून गेला, तर शॉटच्या शेवटी तो उलटा धरून द्यावा. संकलकाला या तीन खुणांचा अर्थ माहीत असतो. टेक चालू असताना कलाकाराच्या नजरेच्या रेषेत उभे राहू नये, ट्रॉलीच्या ट्रॅकवर पाय ठेवू नये आणि दुसऱ्या विभागाच्या स्टँडला विचारल्याशिवाय हात लावू नये.

पावसाचे काम वेगळ्या काळजीचे. खरा पाऊस कॅमेऱ्यात नीट दिसत नाही. मागून दिवा मारला तरच धारा चमकतात. म्हणून खिडकीबाहेर भोके पाडलेले पाइप बांधून टँकरचे पाणी सोडतात आणि त्यामागे दिवा लावतात. पाणी सरळ लादीवर पडले तर त्या आवाजात आईचे वाक्य ऐकू येत नाही, म्हणून खाली गोणपाट किंवा काथ्याच्या चटया पसरतात; पावसाचा आवाज नंतर वेगळा चढवला जातो. पाणी आणि वीज एकाच ठिकाणी आली, की वायरी जमिनीपासून वर उचललेल्या आहेत आणि अर्थिंग तपासलेले आहे, याची खात्री इलेक्ट्रिशियनकडून करून घेतल्याशिवाय मुलीला सेटवर आणू नये. पेटलेल्या स्टोव्हजवळ अग्निशामक नळकांडे आणि ते वापरता येणारा माणूस, दोन्ही हवेत.

न पोचलेल्या निरोपाचे एक उदाहरण सांगतो. सेटवरच्या पॅसेजमधला बल्ब जेवणाच्या सुट्टीत गेला. कला विभागातल्या मुलाने तत्परतेने दुकानातून एलईडी बल्ब आणून लावला. काम चांगल्या हेतूने झाले होते, पण कॅमेरा विभागाला कुणी सांगितले नाही. आपल्याकडे वीजपुरवठा ५० हर्ट्झचा आहे आणि चित्रपट सेकंदाला २४ फ्रेमने घेतात, शटर १७२.८ अंशांवर, म्हणजे सेकंदाच्या पन्नासाव्या भागावर ठेवले तर साधे दिवे स्थिर दिसतात, पण काही स्वस्त एलईडी तरीही थरथरतात. डोळ्यांना ती थरथर दिसत नाही, पडद्यावर दिसते. चार शॉट झाल्यावर फोकस पुलरच्या लक्षात आले आणि चारही पुन्हा घ्यावे लागले. बल्ब बदलताना वॉकीटॉकीवर 'पॅसेजचा बल्ब बदलतोय' एवढे तीन शब्द बोलले असते, तर दीड तास वाचला असता.

सहावी पायरी : कंटिन्युइटी

वेगवेगळ्या दिवशी घेतलेले शॉट पडद्यावर जुळावेत, म्हणून बारीकसारीक तपशील सारखे ठेवणे म्हणजे कंटिन्युइटी. माझी स्वतःची सर्वांत मोठी चूक याच पायरीवर झाली. माझ्या पहिल्या चित्रपटात एक माणूस पावसातून घरी येतो, असा प्रसंग होता. बाहेरचा भाग आधी झाला आणि त्यात त्याच्या हातात लांब दांड्याची काळी छत्री होती. मी नोंदीत 'काळी छत्री' एवढेच लिहिले आणि फोटो काढला तो फक्त चेहऱ्याचा आणि शर्टाचा. दोन आठवड्यांनी आतला भाग चित्रित झाला, तेव्हा प्रॉपर्टीच्या माणसाने माझी नोंद वाचून काळी छत्रीच दिली, पण ती घडीची होती. सेटवर कुणाच्याही लक्षात आले नाही. संकलनाच्या टेबलावर दोन शॉट शेजारी बसले आणि जिन्यावरची लांब छत्री दारातून आत येईपर्यंत अर्धी झालेली दिसली. संकलकबाईंनी मला एका शब्दाने दुखावले नाही. त्यांनी सगळे टेक पुन्हा पाहिले, दार वाजल्यावर आई मान वर करते तो तीन सेकंदांचा तुकडा शोधून काढला आणि दोन शॉटच्या मध्ये बसवला. छत्री दिसते तो भाग गेला. प्रसंग उलट जास्त चांगला झाला. पण तो तुकडा त्या अभिनेत्रीने तालमीत ठरलेले नसताना मान वर केली होती म्हणून हाताशी होता, माझ्या दक्षतेमुळे नव्हे.

तेव्हापासून मी नोंद अशी लिहितो : 'छत्री काळी, लांब दांडा, लाकडी वाकडी मूठ, उजव्या हातात, मिटलेली, पाणी निथळते आहे. दार डाव्या हाताने ढकलतो. शर्टाच्या बाह्या कोपरापर्यंत दुमडलेल्या, डावी थोडी खाली. घड्याळ डाव्या मनगटावर, बिघडलेले नाही, सव्वानऊ.' प्रत्येक शॉटनंतर पुढून, मागून आणि हातांचा असे तीन फोटो. कपातला चहा कोणत्या वाक्याला किती उरला होता आणि घोट कोणत्या शब्दानंतर घेतला, हे वाक्याशेजारी पटकथेतच लिहावे. वडिलांच्या बिडीचेही तसेच. कलाकाराने दुसऱ्या टेकला वेगळे काही केले तर त्याला लगेच टोकू नये. दिग्दर्शकाच्या कानात सांगावे, कारण तो बदल त्याला हवाही असू शकतो.

सातवी पायरी : पॅक-अपनंतर

कॅमेऱ्यातून निघालेले कार्ड डेटा सांभाळणाऱ्या माणसाच्या हातात थेट द्यावे. तीन प्रती झाल्याची आणि त्या तपासल्याची खात्री त्याने तोंडाने दिल्याशिवाय कार्ड पुसायचे नाही, मग पुढच्या शॉटची कितीही घाई असो. ध्वनिमुद्रक शेवटी 'सायलेन्स' मागतो आणि रिकाम्या खोलीचा अर्धा ते एक मिनिट आवाज घेतो. दमलेले युनिट तेव्हा चुळबुळते, पण संवादांमधल्या फटी भरायला तोच आवाज लागतो, त्यामुळे सर्वांना शांत उभे करणे हेही सहायकाचेच काम.

संकलनात सीन २७ चा कच्चा आराखडा तयार होतो, बदलत जातो आणि एक दिवस चित्र कायम होते. त्याला लॉक म्हणतात. लॉकनंतर एक सेकंदही हलवायचा नाही, कारण पार्श्वसंगीत, डबिंग, व्हीएफएक्स (संगणकीय दृश्यपरिणाम) आणि ध्वनिसंयोजन करणारी माणसे वेगवेगळ्या ठिकाणी बसून त्याच लांबीवर काम करत असतात. सेकंदभराने चित्र सरकले, की २४ फ्रेमनी सगळ्यांचे आवाज ओठांपासून सुटतात. फोलीच्या, म्हणजे बारीकसारीक आवाज नव्याने मुद्रित करण्याच्या, खोलीत एक माणूस पडद्याकडे पाहत ओल्या चपला वाजवतो, कपबशी टेकवतो, छत्री झटकतो. डीआयमध्ये, म्हणजे रंगसंस्काराच्या टप्प्यावर, गिरगावातला जिना आणि गोरेगावातली खोली यांचे रंग जुळवले जातात, आणि दिवसा घेतलेली रात्र खरी रात्र होते. ध्वनिसंयोजकाला पाऊस किती मोठा हवा, हे दिग्दर्शक सांगेल. पण 'नोकरी सोडली' या वाक्याआधी पाऊस कमी व्हावा असे पटकथेच्या समासात लिहिले होते, ही आठवण तुम्ही करून द्यायची.

मग केंद्रीय चित्रपट प्रमाणन मंडळाकडे अर्ज. २०२३ च्या दुरुस्तीनंतर यूए (पालकांच्या मार्गदर्शनाखाली पाहण्याच्या) प्रमाणपत्राचे ७, १३ आणि १६ वर्षे असे तीन वयोगट झाले आहेत. मांजराची परवानगी, तंबाखूचे इशारे हे सगळे कागद इथे मागितले जातात. ब्रेकडाउनच्या रकान्यांत ते पहिल्या आठवड्यात लिहिलेले असतील, तर फाइलमध्ये ते मिळतात.

सर्वांत शेवटी श्रेयनामावली. ती बहुतेक वेळा घाईत, जुन्या कॉल शीटवरून उतरवली जाते आणि त्यात नावे चुकतात, गळतात, आडनावे अदलाबदल होतात. म्हणून चित्रीकरणाच्या पहिल्या दिवसापासून एक वेगळी वही ठेवावी आणि जो कुणी एक दिवसही काम करून जाईल, त्याला त्याचे नाव त्याच्याच हाताने देवनागरीत लिहायला सांगावे. जनरेटर चालवणारा, मुलीला सांभाळणारी ताई, मांजर घेऊन आलेला माणूस, चाळीत दोन दिवस आपली खोली मोकळी करून देणाऱ्या आजी. नामावली तयार झाली, की ही वही शेजारी ठेवून एकेक नाव बोट ठेवून वाचावे, आणि डीसीपी, म्हणजे चित्रपटगृहात दाखवायची डिजिटल प्रत, बनण्यापूर्वी दुसऱ्या कुणाकडून ते पुन्हा वाचून घ्यावे.